बिनपगारी तपासणी

परभणी जिल्ह्यात प्रवासी विमानतळ नाही. विमान धरायचं तर नांदेड गाठा, नाहीतर देवगिरी एक्सप्रेसने मुंबई किंवा सिकंदराबाद. तरी ज्यांची मुलं अमेरिकेत आहेत, त्यांनी तिथल्या ‘शटडाउन’ची कुळकथा माहीत करून घ्यावी.

संसदेने मंजूर न केलेला पैसा खात्यांनी खर्चू नये, हा तिथला कायदा १८८४चा. पण पुढे जवळजवळ शतकभर मंजुरी लांबली तरी कचेऱ्या बहुधा चालूच राहत. १९८०मध्ये अ‍ॅटर्नी जनरल बेंजामिन सिव्हिलेटी यांनी कायद्याचा अर्थ काटेकोर लावला: पैसा नाही, तर काम नाही. हेच ‘शटडाउन’. पुढच्याच वर्षी त्यांनी सूट स्पष्ट केली, ती जीवित आणि मालमत्तेच्या रक्षणाच्या कामाला.

सगळी गोम या सुटीत आहे. विमानतळावरची तपासणी तेव्हा विमान कंपन्यांनी नेमलेले खासगी लोक करत. ९/११नंतर, नोव्हेंबर २००१मध्ये, टीएसए ही सरकारी यंत्रणा उभी राहिली आणि तपासनीस आपसूक या सुटीत आले. काम थांबवता येत नाही, पगार मात्र थांबतो.

२२ डिसेंबर २०१८पासून ३५ दिवस हेच चाललं. २० जानेवारीला दहा टक्के तपासनीस गैरहजर होते. वर्षापूर्वी हे प्रमाण ३.१ टक्के होतं. घरभाडं थकलेल्या माणसाने पेट्रोल भरून फुकट कामावर यावं, ही अपेक्षाच निर्लज्ज. अटलांटात रांग तासावर गेली, मायामीत टर्मिनलचा एक भाग दुपारी बंद करावा लागला. देशभरची सरासरी मात्र फारशी हलली नाही. अटलांटात ताटकळलेल्याला तिचा काय उपयोग?

आपल्याकडची वाट वेगळी. डिसेंबर १९९९च्या कंदाहार अपहरणानंतर मोठ्या विमानतळांची सुरक्षा राज्य पोलिसांकडून सीआयएसएफ या केंद्रीय दलाकडे जाऊ लागली. पहिलं जयपूर, फेब्रुवारी २०००. अर्थसंकल्प लांबला, तर राज्यघटनेच्या अनुच्छेद ११६नुसार लेखानुदान मंजूर होतं आणि पगार चालू राहतो. लोकसभेने खर्चच नाकारला, तर सरकार पडतं. आपली रांग लांबते ती गर्दीने, अपुऱ्या यंत्रांनी आणि बॅगेत विसरलेल्या पॉवर बँकेने.

अमेरिकेचं आर्थिक वर्ष १ ऑक्टोबरला सुरू होतं. २०२५मध्ये त्याच दिवशी सुरू झालेलं शटडाउन ४३ दिवस चाललं. दिवाळीच्या सुमारास लेकराकडे निघणार असाल, तर तिथलं पुढचं विमान दोन तासांच्या फरकाने घेऊ नका.