मुंगूस, मांजर आणि पाळणा

पंचतंत्राच्या ‘अपरीक्षितकारक’ या पाचव्या तंत्रात एका ब्राह्मणाच्या घरी तान्ह्या बाळाच्या बरोबरीने एक मुंगूसही वाढते. घरची स्त्री त्याला पोटच्या मुलासारखे सांभाळते, पण त्याच्यावर विश्वास मात्र ठेवत नाही. पुढचे सर्वांना ठाऊक आहे: पाळण्याकडे येणाऱ्या सापाला मुंगूस मारते, रक्ताळलेल्या तोंडाने दाराशी धावत येते आणि पाण्याच्या घागरीखाली जीव गमावते. ही कथा उतावळेपणाची म्हणून सांगितली जाते. प्राणिवर्तनाच्या अंगाने वाचल्यास मात्र पहिली चूक घागर आदळण्यापूर्वीच घडलेली दिसते. बाळ आणि प्राणी यांना एकटे ठेवून मोठी माणसे बाहेर पडली होती.

प्राणी इमानी की दगाबाज, एवढाच प्रश्न शतकानुशतके विचारला गेला. त्याला कशाची भीती वाटते आणि ती कशी ओसरते, याचा प्रयोगशाळेतील शोध विसाव्या शतकातला.

त्यातील महत्त्वाचा टप्पा जोहान्सबर्ग येथील. १९४० च्या दशकाच्या अखेरीस जोसेफ वोल्पे यांनी विटवॉटर्सरँड विद्यापीठात मांजरांवर प्रयोग केले. पिंजऱ्यात विजेचे झटके बसलेली मांजरे तेथे अन्नाला तोंड लावीनात. (असे प्रयोग आज नैतिक समितीपुढे टिकणे कठीण.) वोल्पे यांनी त्यांना प्रथम मूळ खोलीशी फारसे साम्य नसलेल्या खोलीत खाऊ घातले, मग थोड्या साम्याच्या खोलीत, आणि अशा पायऱ्यांनी पिंजऱ्यापर्यंत आणले. मांजर खाते की नाही, हेच भीती मोजण्याचे साधन होते. १९५८ च्या ग्रंथात त्यांनी याच तत्त्वावर माणसांच्या भयगंडासाठी उपचारपद्धती मांडली.

१९६६ मध्ये रिचर्ड थॉम्पसन आणि आल्डन स्पेन्सर यांनी ‘सवय होणे’ या प्रक्रियेची नऊ लक्षणे नोंदवली. उद्दीपन सौम्य असेल तर सवय लवकर होते. फार तीव्र असेल तर ती होतही नाही.

बाळ घरी येण्यापूर्वी कुत्र्याला रडण्याचे ध्वनिमुद्रण अगदी हळू आवाजात ऐकवावे आणि सोबत खाऊ द्यावा, या आजच्या सल्ल्यामागे हेच तर्क आहेत. आवाज १० डेसिबलने उतरवला की ध्वनितीव्रता एक दशांश होते. म्हणजे पायऱ्या हव्या तितक्या लहान करता येतात. कुत्र्याने खाणे थांबवले, तर एक पायरी मागे यावे.

कोलकात्याच्या आयसर संस्थेतील अनिंदिता भद्रा यांच्या गटाने २०२० मध्ये दाखवले, की प्रशिक्षण नसलेले रस्त्यावरचे कुत्रेही अनोळखी माणसाचा बोटाचा इशारा समजू शकतात. मात्र अनेक कुत्रे जवळच आले नाहीत. ते बुजरे होते. भ्यालेल्या प्राण्याला इशारा कळण्याची संधीच मिळत नाही.

बाळ काही महिन्यांनी रांगू लागते, तेव्हा कुत्र्यासाठी ते पुन्हा नवेच उद्दीपन असते. मोठ्या माणसाने शेजारी असण्याची गरज तेव्हा आणखी वाढते.