पाठमोरा फोटो

चैत्र, 1976. तू घोडेगावचा, विशीतला. जुन्नरकडच्या एका जत्रेत तमाशाच्या बोर्डासमोर मांडी ठोकून बसला आहेस. गण झाला, गवळण सुरू झाली. लुगडं नेसून मावशी झालेला पुरुष कमरेवर हात ठेवून येतो आणि जत्रा हसते. तूही हसतोस, जरा जास्तच जोरात. शेजारच्या मित्राचा खांदा तुझ्या खांद्याला टेकला आहे आणि तो तिथेच राहावा असं तुला वाटतंय, हे कुणाला कळायला नको. बाईच्या वेशातला पुरुष या गावांना ठाऊक आहे. पुरुषावर जीव जडलेला पुरुष तू अजून कुठेच पाहिलेला नाहीस.

चल, त्याच वर्षीच्या न्यूयॉर्कला, ख्रिस्तोफर स्ट्रीटवर. 1969 मध्ये इथल्याच ‘स्टोनवॉल इन’ या समलिंगींच्या बारवर पोलिसांची धाड पडली आणि गिऱ्हाइकांनी पोलिसांना तोंड दिलं. आता भरदिवसा पुरुषांच्या जोड्या हिंडताहेत. त्यांचे फोटो काढणारा सुनील गुप्ता 1953 साली दिल्लीत जन्मला. व्यवस्थापन शिकायला आलेला हा तरुण लिझेट मॉडेल यांच्याकडे फोटोग्राफी शिकतो आहे. समोरून येणारे कितीतरी जण थेट कॅमेऱ्यात बघतात. तू नजर खाली घालतोस.

दहा वर्षांनी दिल्लीत तोच माणूस वेगळ्या रीतीनं काम करतो. इथे समलिंगी संबंधांना गुन्हा ठरवणारं कलम 377 आहे, घर आहे, नोकरी आहे. तो आधी बोलतो, विचारतो, होकार मिळाला तरच फोटो काढतो: इंडिया गेट, हुमायूनची कबर, बागा. कुणी पाठमोरा, कुणाचं डोकं चौकटीबाहेर. चोरून काढलेल्या एका फोटोनंही कुणाचा तरी संसार उधळला असता. म्हणूनच हे पाठमोरे फोटो मला ख्रिस्तोफर स्ट्रीटच्या फोटोंपेक्षा धीट वाटतात. लंडनच्या फोटोग्राफर्स गॅलरीसाठी केलेल्या या मालिकेचं नाव ‘एक्झाइल्स’. फोटोंसोबत माणसांचे बोल आहेत. त्यातला एक तुला घरचाच वाटतो: मित्र असला तरी लग्न करावं, पोरं व्हावीत, नाहीतर म्हातारपणी कोण बघणार?

1990 मध्ये मुंबईत अशोक राव कवी ‘बॉम्बे दोस्त’ हे समलिंगींसाठीचं नियतकालिक काढतात. 6 सप्टेंबर 2018 ला सर्वोच्च न्यायालय प्रौढांमधल्या संमतीच्या समलिंगी संबंधांना गुन्ह्यातून वगळतं. फोटोंतल्या तरुणांची तोवर उतारवयाकडे वाटचाल झालेली. आणि 2023 मध्ये तेच न्यायालय समलिंगी जोड्यांच्या लग्नाला मान्यता द्यायला नकार देतं.