डंपर सुटतो, गुन्हा सुटत नाही

पनवेल परिसरात रात्री मुरूम किंवा खडीने भरलेला डंपर महसूल खात्याने पकडला, की पुढे काय होतं? पंचनामा होतो, वाहन आवारात उभं राहतं, मालक दंड भरतो, बंधपत्र लिहून देतो आणि डंपर पुन्हा रस्त्यावर येतो. 'प्रकरण मिटलं' असं सगळे म्हणतात. आमचा प्रश्न एवढाच आहे की हे मिटवण्याचा हक्क कायद्याने कुणाला दिला आणि कुणाला नाकारला?

थोडा इतिहास पाहू. इंग्रजांनी १८७१ मध्ये गुन्हेगार जमाती कायदा आणला आणि १९११ मध्ये तो मुंबई इलाख्यालाही लागू झाला. दगड फोडून पोट भरणारा वडार समाज महाराष्ट्राच्या विमुक्त जातींच्या यादीत आहे, हा त्याच काळाचा वारसा. या कायद्याखाली आलेल्या माणसाने काही केलेलं असो वा नसो, जन्मानेच तो गुन्हेगार होता. पोलिसाकडे हजेरी द्यायची, परवानगीशिवाय गाव सोडायचं नाही. पैसे भरून हा शिक्का पुसता येत नव्हता. त्यासाठी १९५२ साल उजाडावं लागलं.

आता दुसरं टोक पाहा. १९५७ साली खाणी व खनिजे कायदा आला. १९७२ मध्ये त्यात कलम २३-अ घातलं गेलं. ठरलेली रक्कम भरा, गुन्ह्याची तडजोड होईल, आरोपी कोठडीत असेल तर लगेच सुटेल. योगायोग असा की दुष्काळाने होरपळलेले मराठवाड्यातले भूमिहीन, दलित, भटके मुंबई-ठाण्याच्या दगडखाणींकडे आले तेही याच सुमारास. खाणमालकाला सुटकेची वाट मिळाली. मजुराच्या वाट्याला धूळ, सुरुंग आणि ठेकेदाराची उचल आली. परवानगीशिवाय खनिजाची वाहतूक आणि साठवणूक करण्यावर या कायद्यात स्पष्ट बंदी यायला मात्र १९९९ साल लागलं.

महाराष्ट्रात गौण खनिजाची बहुतेक प्रकरणं जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम ४८ खाली चालतात. बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड होतो, यंत्र आणि वाहन जप्त होतं. २०१८ च्या नियमदुरुस्तीनुसार वाहन सोडवायला ट्रॅक्टरसाठी एक लाख, डंपरसाठी दोन लाख, पोकलेनसाठी साडेसात लाख रुपयांपर्यंत दंड आहे. शिवाय हे वाहन पुन्हा अशा कामाला लावणार नाही, अशी हमी द्यावी लागते. कागदावर ही शिक्षा कडक दिसते. पण इथे एक अख्खं शहर उभं राहिलं, विमानतळासाठी उलव्याचा डोंगर कापला गेला. भरावाची मागणी एवढी असताना हा दंड अनेकांना धंद्याच्या खर्चातला एक आकडा वाटतो. आणि पकडला जातो कोण? स्टेअरिंगवरचा ड्रायव्हर. डंपर सुटतो, मालकाचं नाव मागे राहतं आणि कोर्टाच्या तारखा ड्रायव्हर मोजतो.

'दंड भरला, विषय संपला' हा समज सर्वोच्च न्यायालयाने ३ डिसेंबर २०२० रोजी खोडून काढला. जयंत विरुद्ध मध्य प्रदेश राज्य या खटल्यात दंड भरून प्रकरण मिटवलेल्यांचं म्हणणं होतं की आता आमच्यावर कारवाई नको. न्यायालयाने सांगितलं की तडजोडीमुळे खनिज कायद्याखालचा खटला थांबतो, पण दंडसंहितेतल्या चोरीचा गुन्हा त्यामुळे मिटत नाही. डोंगर आणि नदी जनतेच्या मालकीची आहेत. ती चोरणाऱ्याशी तहसील कचेरीत तडजोड झाली म्हणून जनतेने माफ केलं, असं होत नाही.

बाबासाहेब मजूरमंत्री असताना डिसेंबर १९४३ मध्ये धनबादच्या कोळसा खाणीत स्वतः खाली उतरले होते. १९४४ मध्ये कोळसा खाण कामगारांसाठी कल्याण निधी उभा राहिला. खाणीचा विचार करताना त्यांच्यासमोर आधी माणूस होता. महसूल त्यानंतर. आपणही तिथूनच सुरुवात करायला हवी.

म्हणून तरुण कार्यकर्त्यांना आमचं सांगणं आहे. फक्त 'वाळूमाफिया मुर्दाबाद' म्हणून थांबू नका. माहिती अधिकारात विचारा: वर्षभरात किती वाहनं जप्त झाली, किती दंड वसूल झाला, हमी देऊन सुटलेलं तेच वाहन पुन्हा किती वेळा सापडलं, किती प्रकरणांत चोरीचा गुन्हा नोंदवला आणि त्यात मालक आरोपी आहे की फक्त ड्रायव्हर? खनिज कायद्याखालची तक्रार प्राधिकृत अधिकारीच कोर्टात करू शकतो, पण चोरीची फिर्याद कुणीही देऊ शकतो. पोलिसांनी घेतली नाही तर वरिष्ठांकडे जा, मग दंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करा.

ज्यांच्या आजोबांना न केलेल्या गुन्ह्याची हजेरी द्यावी लागली, त्यांच्या नातवांनी केलेल्या गुन्ह्याचा हिशेब मागायला कचरू नये.

जय भीम!