अमेरिकन मराठी मिशन

अमेरिकन मराठी मिशन : न्यू इंग्लंडमधील काँग्रिगेशनल पंथाच्या ख्रिस्ती लोकांनी महाराष्ट्रात चालवलेली मिशनसंस्था. बॉस्टनच्या ‘अमेरिकन बोर्ड ऑफ कमिशनर्स फॉर फॉरिन मिशन्स’ (स्थापना 1810) या मंडळाची ही शाखा. काम मुंबईत 1813 मध्ये सुरू झाले. 1831 पासून अहमदनगर (आताचे अहिल्यानगर) हे तिचे मोठे केंद्र झाले. एकोणिसाव्या शतकातील अमेरिकेचा विचार मराठी माणसाला प्रथम या मिशनच्या मार्गाने भेटला, म्हणून धर्मप्रसाराच्या इतिहासाबाहेरही तिला महत्त्व आहे. इमर्सन, थोरो, हॉथॉर्न हे लेखक मराठीत फार उशिरा आले. थोरोच्या ‘वॉल्डन’ला (1854) दुर्गा भागवतांनी ‘वॉल्डनकाठी विचारविहार’ हे मराठी रूप दिले ते विसाव्या शतकात. वॉल्डन तळ्याचा बर्फ जहाजांतून मुंबईपर्यंत जातो, याचा उल्लेख खुद्द थोरोने केला आहे. पण त्या बर्फाच्याही आधी मॅसॅच्युसेट्सची माणसे मुंबईत येऊन मराठी शिकली होती.

गॉर्डन हॉल आणि सॅम्युएल नॉट हे पहिले दोघे. फेब्रुवारी 1813 मध्ये ते मुंबईत उतरले तेव्हा इंग्लंड आणि अमेरिका यांच्यात युद्ध चालू होते, आणि कंपनी सरकारने त्यांना परत पाठवण्याचे हुकूम काढले. त्याच वर्षीच्या सनदी कायद्याने मिशनऱ्यांना मुभा मिळाली आणि हॉल राहिले. शाळा आणि छापखाना ही त्यांची दोन हत्यारे. मुलींसाठी मिशनने मुंबईत 1824 मध्ये शाळा काढली. हॉल 1826 मध्ये नाशिककडच्या दौऱ्यात पटकीने वारले. नव्या कराराचे मराठी भाषांतर त्याच वर्षी छापून झाले. मुंबईच्या या छापखान्याचे ऋण मराठी ग्रंथव्यवहाराने नीट मोजलेले नाही. टॉमस ग्रॅहम यांच्या हाताखाली तेथे देवनागरी खिळ्यांना घाट मिळाला, आणि पुढे ‘निर्णयसागर’ काढणारे जावजी दादाजी लहानपणी तेथेच खिळे घासण्याच्या कामाला होते.

नगरला ठाणे पडले ते डिसेंबर 1831 मध्ये. अ‍ॅलन ग्रेव्ह्ज, हॉलिस रीड व विल्यम हार्वी हे अमेरिकन आणि त्यांचे मराठी सहकारी बाबाजी रघुनाथ यांनी सुरुवात केली. हार्वी काही महिन्यांतच पटकीने गेले, बाबाजी 1833 मध्ये त्याच रोगाने. रीड यांनी अमेरिकेत परतल्यावर 1836 मध्ये न्यूयॉर्कला बाबाजींचे चरित्र छापले. मराठी माणसावर लिहिलेल्या पहिल्या काही अमेरिकन पुस्तकांत ते मोडते. मात्र त्यातले बाबाजी देणगीदार वाचकांसाठी रंगवलेले आहेत, हे लक्षात ठेवून ते वाचावे लागते.

दौंड-मनमाड लोहमार्ग 1878 मध्ये सुरू होईपर्यंत पुण्याहून नगरला जायचे तर शिरूरवरून, घोड नदी ओलांडून, पारनेर तालुक्यातल्या सुप्यावरून जाणारी सडक हाच राबता होता. शिरूर हेही मिशनचे ठाणे होते, त्यामुळे सुपे हे गाव दोन ठाण्यांच्या मधल्या टप्प्यावर येते.  पुणे आणि नगर यांच्यातली विचारांची ये-जा समजून घेताना ही सडक डोळ्यांपुढे ठेवावी, कारण मराठी सुधारणेच्या इतिहासातली एक मोठी भेट याच मार्गाच्या नगरकडच्या टोकाला घडली.

ती भेट सिंथिया फरार यांच्या शाळेची. फरार (1795–1862) न्यू हॅम्पशरमधील मार्लबरोच्या. अमेरिकन बोर्डाने परदेशी धाडलेल्या पहिल्या काही अविवाहित स्त्रियांपैकी त्या एक. 1827 मध्ये त्या मुंबईत आल्या आणि 1839 पासून अखेरपर्यंत नगरला राहिल्या. त्यांच्या पिढीच्या न्यू इंग्लंडमध्ये मुलींना शिकवावे की नाही हा वाद मागे पडून किती शिकवावे हा वाद सुरू झाला होता. मेरी लायन यांची माउंट होल्योक ही स्त्रियांची उच्च शिक्षणसंस्था 1837 मध्ये उघडली, आणि त्याच वर्षी होरेस मॅन मॅसॅच्युसेट्सच्या सार्वजनिक शाळांचे काम पाहू लागले. ती हवा फरारबाईंनी नगरला आणली. जोतीराव फुले यांनी आपले स्नेही सदाशिव बल्लाळ गोवंडे यांच्याबरोबर ही शाळा पाहिली, आणि पुण्यात मुलींची शाळा काढण्याच्या विचाराला तिथून बळ मिळाल्याचे त्यांनी स्वतः 1853 मध्ये ‘ज्ञानोदया’त सांगितले. सावित्रीबाईंनी अध्यापनाचे धडे फरारबाईंकडे घेतल्याचे त्यांचे चरित्रकार नोंदवतात. फरारबाईंचे नाव आपल्याकडे फुले दांपत्याच्या चरित्रातली एक ओळ होऊन उरले आहे. चौतीस वर्षे मराठी मुलींना शिकवणाऱ्या बाईला स्वतंत्र मराठी चरित्र मिळायला हवे.

‘ज्ञानोदय’ हे नियतकालिक मिशनने नगरलाच 1842 मध्ये सुरू केले. हेन्री बॅलंटाइन त्याचे पहिले संपादक. धर्मखंडनाचा मजकूर त्यात भरपूर असे, पण भूगोल, खगोल, यंत्रे आणि परदेशच्या बातम्याही असत. विष्णुबुवा ब्रह्मचारी आणि पुढे विष्णुशास्त्री चिपळूणकर यांनी मिशनऱ्यांवर जी टीका केली, ती याच प्रकारच्या लेखनाला उत्तर म्हणून. हिंदू धर्माविषयी मिशनने लिहिलेले बरेचसे एकांगी होते. तरीही वाद छापील मराठीत घालायची सवय या भांडणाने लावली, हा लाभ दोन्ही पक्षांना झाला.

शाळा कशासाठी, हा मिशनच्या पोटातला खरा झगडा. बोर्डाचे बॉस्टनमधील चिटणीस रूफस अँडरसन 1854-55 मध्ये पाहणीला आले. स्थानिक मंडळ्यांनी आपला कारभार, खर्च व प्रसार स्वतः करावा, पाळक देशी असावेत आणि शिक्षण देशी भाषेत असावे, असा त्यांचा आग्रह होता. त्यानुसार इंग्रजी शिक्षणाला कात्री लागली. हरिपंत खिस्ती व रामकृष्णपंत मोडक हे याच सुमारास पाळक झाले. देशी माणसाला अधिकार देणारे आणि त्याच हाताने त्याची इंग्रजी शाळा बंद करणारे असे हे धोरण होते. त्याला सर्वांत कडवा विरोध रॉयल गूल्ड वाइल्डर यांनी केला. ते 1846 मध्ये नगरला आले, शाळा चालवल्या, 1852 मध्ये कोल्हापूरला गेले आणि शेवटी बोर्डापासून तुटून स्वतंत्रपणे काम करू लागले. मिशनच्या शाळांची बाजू मांडणारे पुस्तक त्यांनी 1861 मध्ये न्यूयॉर्कला प्रसिद्ध केले.

वाइल्डर यांच्यापासून एक धागा थेट आनंदीबाई जोशी यांच्यापर्यंत जातो. अमेरिकेत परतल्यावर वाइल्डर यांनी प्रिन्स्टनहून ‘मिशनरी रिव्ह्यू’ हे मासिक काढले. पोस्टात नोकरीला असलेल्या गोपाळराव जोशींनी पत्नीच्या शिक्षणासाठी मदत मागणारे पत्र त्यांना धाडले होते. वाइल्डर यांनी ते छापले आणि धर्मांतराचा सल्ला देणारे आपले उत्तरही छापले. न्यूजर्सीतील रोझेल गावच्या थिओडिशिया कार्पेंटर यांनी दंतवैद्याकडे थांबल्या असताना 1880 मध्ये तो अंक चाळला. सल्ल्याकडे दुर्लक्ष करून त्यांनी आनंदीबाईंशी पत्रव्यवहार सुरू केला, तो जन्माचा जिव्हाळा झाला. 1883 मध्ये आनंदीबाई कलकत्त्याहून निघाल्या आणि 11 मार्च 1886 रोजी फिलाडेल्फियाच्या स्त्रियांच्या वैद्यक महाविद्यालयातून डॉक्टर झाल्या. फेब्रुवारी 1887 मध्ये पुण्यात त्यांचे निधन झाले, आणि पुढच्याच वर्षी बॉस्टनला त्यांचे इंग्रजी चरित्र निघाले. लेखिका कॅरोलाइन हीली डॉल या मार्गारेट फुलर यांच्या संभाषणसभांना तरुणपणी बसलेल्या, इमर्सनच्या वर्तुळातल्या. मराठीत काशीबाई कानिटकरांनी आनंदीबाईंचे चरित्र लिहिले. दोन्ही शेजारी ठेवून वाचली तर एकाच मुलीकडे पाहणाऱ्या दोन समाजांच्या नजरा स्पष्ट दिसतात.

गुलामगिरीच्या प्रश्नावर मात्र अमेरिकन बोर्ड कचरले. गुलाम बाळगणाऱ्यांच्या देणग्या ते नाकारीना, म्हणून चिडलेल्या गुलामगिरीविरोधकांनी 1846 मध्ये ‘अमेरिकन मिशनरी असोसिएशन’ ही वेगळी संस्था उभारली. जोतीरावांनी अमेरिकेकडून नेमके तेच घेतले ज्याविषयी बोर्ड गप्प होते. 1873 मध्ये ‘गुलामगिरी’ हा ग्रंथ त्यांनी कृष्णवर्णीयांच्या मुक्तीसाठी झटणाऱ्या अमेरिकेतील सदाचारी लोकांना अर्पण केला. त्यांच्या विचारावर ठसा आहे तो टॉमस पेनचा. आणि पेन तर मिशनऱ्यांच्या लेखी पाखंडी. स्कॉटिश मिशनच्या शाळेत घडलेला माणूस मिशनऱ्यांनी न दिलेले पुस्तक निवडतो, यात फुल्यांची स्वतंत्र बुद्धी दिसते.

जिल्ह्यातल्या खेड्यांत मिशनभोवती जमले ते मुख्यतः महार व मांग समाजातले लोक. 1876-78 च्या दुष्काळानंतर त्यांची संख्या झपाट्याने वाढली. कृष्णराव सांगळे यांनी कीर्तनाचा साज ख्रिस्ती कथेला चढवला आणि उपदेशाला मराठी कान मिळाले. नेवासे तालुक्यातल्या वडाळ्याचे सॅम्युएल बेकन फेअरबँक शेती सुधारण्याचे प्रयोग करत आणि पक्षीही टिपत. पळणीच्या डोंगरातल्या एका पक्ष्याच्या शास्त्रीय नावात त्यांचे नाव आहे. मुंबईत जन्मून येलला शिकलेले रॉबर्ट अ‍ॅलन ह्यूम 1874 मध्ये नगरला आले. ख्रिस्ताचे नावही न ऐकता मेलेल्यांना मृत्यूनंतर संधी मिळेल काय, या अँडोव्हरच्या धर्मशास्त्रीय वादात त्यांनी 1886 मध्ये उदार बाजू घेतली, म्हणून बोर्डाने त्यांचे परतणे काही काळ रोखून धरले. नारायण वामन टिळक 1895 मधील बाप्तिस्म्यानंतर नगरला आले ते ह्यूम यांच्या या उदार छायेत. पुढे 1947 मध्ये डॉ. भा. पां. हिवाळे यांनी अहमदनगर महाविद्यालय स्थापन केले.

अमेरिकेकडे उलट दिशेने, मराठी डोळ्यांनी पाहिले ते पंडिता रमाबाईंनी. आनंदीबाईंच्या पदवीदानासाठी 1886 मध्ये त्या फिलाडेल्फियाला गेल्या आणि सुमारे तीन वर्षे तो देश हिंडल्या. डिसेंबर 1887 मध्ये बॉस्टनला त्यांच्या साहाय्यासाठी ‘रमाबाई असोसिएशन’ स्थापन झाली. अध्यक्ष होते कथाकार व धर्मोपदेशक एडवर्ड एव्हरेट हेल. परतल्यावर रमाबाईंनी 11 मार्च 1889 रोजी मुंबईत शारदा सदन उघडले आणि त्याच वर्षी ‘युनायटेड स्टेट्सची लोकस्थिती आणि प्रवासवृत्त’ हे पुस्तक लिहिले. राज्यपद्धती, घरे, शाळा, दारूबंदीची चळवळ आणि स्त्रियांच्या संस्था यांचे त्यात भरघोस कौतुक आहे. तिथल्या मूळ रहिवाशांना आणि कृष्णवर्णीयांना मिळणाऱ्या वागणुकीवर त्यांनी तितकेच परखड बोट ठेवले आहे. हे पुस्तक छापले जावजी दादाजींच्या निर्णयसागर छापखान्याने.