अपूर्णांकांचा भागाकार

एका अपूर्णांकात वा मिश्र संख्येत दुसरा अपूर्णांक किती वेळा सामावतो, हे काढण्याची क्रिया. भाजकाच्या अंश-छेदांची अदलाबदल करून गुणावे, ही शालेय रीत सर्वपरिचित आहे; ती का बरोबर ठरते, हे मात्र व्यवहारी उदाहरणांतूनच उलगडते.

प्राचीन ईजिप्तमध्ये, २/३ सारखा अपवाद वगळता, अंशस्थानी १ असलेलेच अपूर्णांक वापरीत. ऱ्हाइंड पपायरसात (इ. स. पू. सु. १६५०) ६ भाकरी १० माणसांत वाटल्यास प्रत्येकी १/२ + १/१० येते, असे दाखविले आहे. बॅबिलोनियात भाजकाचा व्यस्तांक कोष्टकातून घेऊन त्याने गुणीत. षष्टिमान पद्धतीत ७ चा व्यस्तांक सांत नसल्याने तेथे ही युक्ती अडे. चीनमधील ‘गणितकलेचे नऊ अध्याय’ या प्राचीन ग्रंथात ६ १/३ व ३/४ मिळून होणारी नाणी ३ १/३ माणसांत वाटावयाची आहेत. उत्तर २ १/८ येते. एक तृतीयांश माणूस व्यवहारात कोठे भेटत नाही. हा प्रश्न केवळ रीत शिकविण्यासाठी रचलेला, हे उघड आहे.

भारतात ब्रह्मगुप्त यांनी ब्राह्मस्फुटसिद्धांतात (६२८) पूर्णांकास छेदाने गुणून त्यात अंश मिळवावा आणि भाजकाचे अंश व छेद पालटून गुणाकार करावा, असा नियम स्पष्टपणे दिला. भास्कराचार्यांच्या लीलावतीत (११५०) ५ ला २ १/३ ने भागण्याचे उदाहरण आहे (उत्तर १५/७). त्याहून बोधप्रद उदाहरण त्रैराशिकातील केशराचे होय : ३/७ निष्कास २ १/२ पळे केशर मिळते, तर ९ निष्कांस किती? तीन सप्तमांशास २ १/२ पळे, म्हणून एका सप्तमांशास त्याचा तिसरा हिस्सा, ५/६ पळ. पूर्ण निष्कास त्याची सातपट, ५ ५/६ पळे. म्हणजे ३ ने भागणे व ७ ने गुणणे आपोआपच घडले. छेद वर व अंश खाली जाण्याचे कारण एवढेच. नऊ निष्कांस ५२ १/२ पळे, म्हणजे ५२ पळे व २ कर्ष होतात.

भास्कराचार्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी त्यांचा नातू चांगदेव याने चाळीसगावजवळील पाटण येथे मठ स्थापिल्याचे तेथील शिलालेखावरून समजते. मराठी शाळांतील व्यवहारगणित मात्र निराळ्या वाटेने गेले. तेथे मिश्र संख्या ही पूर्णांक आणि अपूर्णांक यांची बेरीज नसून सव्वा, दीड, अडीच असा एकच शब्द होता. पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, अडीचकी व औटकी (साडेतीनची) मुलांकडून पाठ करून घेत. साडेबारा रुपयांत अडीच रुपयांच्या किती वस्तू येतील, असे विचारल्यास अंश-छेद मांडावे लागत नसत. अडीचकीत साडेबारा पाचासमोर येतात, हे मुलाच्या जिभेवर असे. वेगाच्या दृष्टीने ही पद्धत लेखी रितीहून सरस होती. परंतु ती पाव-अर्ध्याच्या मापांपुरतीच चाले. २ १/३ ने भागावयाचे झाल्यास पाढ्यांचा उपयोग नसे आणि ब्रह्मगुप्तांच्याच नियमाकडे वळावे लागे.

सोळा आण्यांच्या रुपयात पाव, अर्धा, पाऊण हे भाग सहज पडत, म्हणून हे पाढे टिकले. १ एप्रिल १९५७ पासून दशमान नाणी प्रचारात आली व पुढे मेट्रिक वजने आली, तेव्हा ते अभ्यासक्रमातून मागे पडले. दीड, अडीच हे शब्द मात्र बाजारात व बोलीत राहिले.