बिचारा पिएरो : एकतर्फी प्रेम आणि प्रयोगाचा हात

चित्रपटाचा इतिहास बहुधा २८ डिसेंबर १८९५ रोजी ल्युमिएर बंधूंनी पॅरिसमध्ये केलेल्या खेळापासून सांगितला जातो. त्याच्या तीन वर्षे आधी, २८ ऑक्टोबर १८९२ रोजी, त्याच शहरातील म्यूझे ग्रेव्हँ या मेणपुतळ्यांच्या संग्रहालयात एमिल रेनो यांनी हाताने रंगविलेली हलती चित्रे पडद्यावर दाखविली होती. त्यांतील ‘पोव्र पिएरो’ (बिचारा पिएरो) या शब्दहीन लघुपटाचा विषय एकतर्फी प्रेम हा आहे.

कथानक मूकनाट्याच्या परंपरेतले. रात्री कोलंबीनच्या अंगणात आर्लकँ येतो. पाठोपाठ पुष्पगुच्छ घेऊन पिएरो येतो. तो तिच्यासाठी वाद्य छेडू लागताच लपलेला आर्लकँ त्याला काठीने डिवचून पळवून लावतो. प्रियाराधनाला साथ मिळे ती पियानोवादकाची. काठीच्या तडाख्याचा आवाज मात्र पट्टीवरील चांदीच्या पत्र्यांमुळे विद्युत्‌यंत्रणेतून आपोआप निघे. आर्जव पट्टीबाहेर राहते, अवहेलना तेवढी पट्टीत कोरली जाते.

संस्कृत काव्यशास्त्राने अशा प्रीतीला पूर्ण रसत्व दिलेले नाही. विश्वनाथाच्या ‘साहित्यदर्पणा’नुसार अनुभयनिष्ठ, म्हणजे दोघांपैकी एकाच्याच ठायी असलेली, रती हा शृंगाराचा आभास होय. विप्रलंभाला परस्परप्रीतीचा आधार असतो. पिएरोला तो नाही. त्यामुळे ही कृती निव्वळ प्रहसन म्हणून निकालात काढणे सोपे होते.

परंतु हा निकाल संहितेपुरता आहे. सुमारे ५०० चित्रांची ही पट्टी रेनो स्वतः हाताने फिरवीत. ती थांबवता येई, मागे नेता येई, एखादी हालचाल पुनःपुन्हा दाखवता येई. म्हणूनच एवढ्याशा चित्रांचा खेळ दहा-पंधरा मिनिटे चाले. पुनरावृत्ती हा ध्यासाचाच धर्म आहे. नाकारलेला प्रेमिक जे मनात करतो, तेच रेनोंचा हात पट्टीवर करू शकत होता. पिएरोच्या आर्ततेला अवकाश होता तो या विलंबात.

१९०० मध्ये हे खेळ थांबले. पुढे विपन्नावस्थेत रेनोंनी बहुतेक पट्ट्या सेन नदीत फेकून दिल्या. ‘पोव्र पिएरो’ वाचली. पण तिचे आज उपलब्ध असलेले पुनर्रचित रूप जेमतेम चार मिनिटांचे आहे. त्यात प्रसंग आहेत, काठी आहे, पलायन आहे. थांबणारा आणि मागे वळणारा हात नाही. तेव्हा या कृतीचे मूल्यमापन करणाऱ्याने आधी हे ठरवावयास हवे, की तो पिएरोच्या प्रेमाविषयी बोलतो आहे, की त्या प्रेमाच्या उरलेल्या सांगाड्याविषयी.