दिनविशेष : २२ डिसेंबर – ‘गॅझेटा द गोवा’

२२ डिसेंबर १८२१ रोजी ‘गॅझेटा द गोवा’ या पोर्तुगीज साप्ताहिकाचा पहिला अंक निघाला. गोव्यातील हे पहिले वृत्तपत्र, आणि तेही सरकारी मालकीचे.

भारतातला पहिला छापखाना १५५६ मध्ये गोव्यातच आला. फादर स्टीफन्सचे मराठी ‘क्रिस्तपुराण’ १६१६ मध्ये राचोलला छापले गेले. पुढे मात्र छपाई थंडावली आणि १७५४ मध्ये पोर्तुगीज दरबाराने छापखान्यावर बंदीच घातली. १८२० च्या पोर्तुगालमधील उदारमतवादी क्रांतीचे पडसाद पुढच्या सप्टेंबरात गोव्यात उमटले, व्हाइसरॉयला हटवण्यात आले. नव्या राजवटीला आपली बाजू मांडायला मुखपत्र हवे होते. छपाईची सामग्री मुंबईहून आणावी लागली. ज्या भूमीने देशाला छपाई दाखवली तिच्यावर ही वेळ यावी, हे विलक्षणच. संपादन आंतोनियो जोझे द लिमा लैतांव या डॉक्टरांकडे होते.

राजकारणाचे वारे फिरले आणि १८२६ मध्ये पत्र बंद पडले. सरकारी पत्राचे आयुष्य सरकारच्या मर्जीइतकेच! ७ डिसेंबर १८३७ पासून ‘बोलेतीं’ हे राजपत्र सुरू झाले, पण त्यात वृत्तापेक्षा आदेशच अधिक.

सरकारी मुखपत्राची हीच वाट इतरत्रही दिसते. इजिप्तमध्ये राज्यकर्त्या मुहम्मद अलीने ‘अल-वकाइ अल-मिसरिया’ हे तुर्की-अरबी सरकारी पत्र काढले ते १८२८ मध्ये, म्हणजे गोव्यानंतर सात वर्षांनी. बाळशास्त्री जांभेकरांचे ‘दर्पण’ ६ जानेवारी १८३२ चे. ते मात्र खासगी होते.